नावाचा बा

कोंडखारच्या बांधावरून चालत गेलात, की उजव्या हाताला खाडी राहते आणि डाव्या हाताला भातशेती. साधारण मधोमध बांध एकदम पोट काढल्यासारखा खाडीकडे फुगतो. त्या फुगवट्यावर काळ्या दगडांचा एक चौथरा आहे. लांबीला दोन हात, रुंदीला हातभर. तान्ह्या मुलाला निजवावं, एवढाच. त्यावर मूर्ती नाही, चादर नाही, पाटीही नाही. पक्षी बघायला येणारी शहरातली माणसं तिथे हमखास थांबतात. बांधाला लागून शेवटचं घर माझं, त्यामुळे पाणी मागायला ती माझ्याच ओट्यावर येतात आणि विचारतात, "मावशी, तिथे कोणाला पुरलंय?"

"कोणालाच नाही," मी सांगते. "जो जन्मालाच आला नाही, त्याचा चौथरा आहे तो."

मग ती एकमेकांकडे बघतात. मला काही त्याचं वाईट वाटत नाही. लग्न होऊन आले तेव्हा मीसुद्धा अशीच बघत होते.

आमच्या गावात दुसराही एक गोंधळ आहे. इथे पुरुषाला त्याच्या नावाने कोणी हाक मारत नाही. अमक्याचा बा, तमकीचा बा, असंच चालतं. मागच्या मार्गशीर्षात एक पाहुणा मोटार घेऊन आला आणि पारावर बसलेल्या सहा जणांना त्याने विचारलं, "पद्माकर ठाकूर कुठे राहतात?" सहाच्या सहा जण विचारात पडले. त्यांतला एक स्वतः पद्माकर होता, तोही विचारच करत होता. त्याला आम्ही जुईचा बा म्हणतो. आणि बरं, जुईचे बा दोन आहेत. शाळेत नवीन गुरुजी आले, की त्यांचं पहिलं वर्ष याच्यातच जातं. पालकसभेला एका मुलामागे दोन बाप येऊन बसतात आणि दोघेही म्हणतात, "मीच."

हे असं का, ते माझ्या सासूबाईंनी मला सांगितलं, त्यांना त्यांच्या सासूने. ऐकलं तसं सांगते. यात जो गोंधळ वाटेल तो मूळचाच आहे, माझा नव्हे.

असे सांगतात, की त्या काळी हा बांध नवाच होता. आमच्या जुन्या माणसांनी टोपल्या-टोपल्यांनी चिखल टाकून खाडीचं पाणी मागे सारलं होतं. आतल्या मातीतलं मीठ दोन-तीन पावसाळ्यांत धुऊन गेलं की भात पिकणार, या आशेवर चाळीस घरं इथे येऊन राहिली होती. पण बांध टिकत नव्हता. मोठं उधाण आलं की कुठेतरी खांड पडायची. खांड म्हणजे बांधाला पडलेलं भगदाड. एकदा का ती पडली, की खारं पाणी आत शिरून उभं पीक जाळतं आणि पुढे तीन वर्षं तिथे गवतसुद्धा येत नाही.

अशाच एका वर्षी, श्रावण सरता सरता, खाडीच्या तोंडाशी एक गलबत फुटलं. अरबांचं होतं, खजूर भरलेलं. पुढे आठ दिवस खाडीतून खजूर वाहत येत होते म्हणे, आणि गावातली पोरं ते खारट खजूर खाऊन पोटं धरून बसत होती. माणसं मात्र कोणी वाचली नाहीत. एकच वाचला. पोशा नावाच्या शेतकऱ्याला तो ओहोटीच्या वेळी कमरेपर्यंत चिखलात रुतलेला सापडला. पोशाने त्याला ओढून काढला, पाठीवर घातला आणि घरी आणला. पोशाची बायको आंबी. तिने त्याला पेज पाजली, गोधडीत गुंडाळला. त्यांना एकच मुलगी होती, आवडी. सात वर्षांची. ती त्याच्या उशाशी बसून राहिली, कारण असा लाल दाढीचा माणूस तिने कधी पाहिलाच नव्हता.

चौथ्या दिवशी तो उठून बसला. "नाव काय तुझं?" पोशाने विचारलं. त्याने छातीवर हात ठेवला आणि म्हणाला, "अबू हिलाल."

आमच्या लोकांना ऐकू आलं, आबा इलाल. आबा म्हणजे मानाचाच शब्द. जो तो त्याला आबा म्हणू लागला. वयाने त्याच्याहून मोठी माणसंसुद्धा. पण आवडीचं समाधान होईना. इलाल म्हणजे काय, हे तिला हवं होतं. एक दिवस तिने फारच पिच्छा पुरवला, तेव्हा त्याने पोशाकडे बोट केलं, मग आवडीकडे, आणि म्हणाला, "अबू आवडी." शेजारचा रामाचा बाप कुडापलीकडे उभा होता. त्याच्याकडे बोट केलं, मग त्याच्या रामाकडे. "अबू रामा."

आंबीच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. "अगो बाय! अबू म्हंजे बा. हा इलालचा बा हाय. याला पोर हाय!"

"पोर कुठाय रे तुझा? इलाल कुठाय?" तिने हात हलवून हलवून विचारलं.

त्याने समुद्राकडे, पार मावळतीकडे बोट केलं.

आंबीला एवढंच कळलं: पोर तिकडे, बाप इकडे. त्या दिवसापासून ती पहिली भाकरी इलालच्या नावाने काढून ठेवायची आणि मग ती आबालाच वाढायची. तोही ती मुकाट्याने खायचा. आपल्याला रोज एक भाकरी जास्त का मिळते, ते त्याला कळत नव्हतं.

आश्विनातली अमावास्या आली, आणि उधाण असं चढलं की पोशाच्या शेतासमोरच खांड पडली. ओहोटीला बुजवली, भरतीला वाहून गेली. तीनदा बुजवली, तीनदा गेली. भात कापणीला आलेला. हे पीक गेलं तर बी-भातही उरणार नव्हतं, चाळीस घरांना उठून जावं लागणार होतं. तेव्हा गोमा भगत खांडीवर जाऊन बसला. गावात त्याचा शब्द शेवटचा होता. अंगात आलं, अंग थरथरलं, आणि तो म्हणाला, "बांध पोर मागतो. ज्याच्या शेतासमोर खांड, त्याचा पहिला पोर."

पोशाला पहिली काय आणि शेवटची काय, आवडीच होती. आंबीने तिला घरात ओढलं आणि आतून दाराला पाठ लावून बसली.

पोशाने विचारलं, "दुसरं काय चालंल?"

"बापानं आपल्या तोंडानं दिलेला पोर. दुसरं काय नाय."

"माजाच?"

गोमा भगतालाही ते सोपं जात नव्हतं, असं सासूबाई म्हणायच्या. "बाप असला म्हंजे झालं," तो म्हणाला. "पण असा बाप कोण हाय?"

आबा मागे उभा होता. त्याला सगळं समजत नव्हतं, पण पोर, बांध आणि आवडी हे शब्द त्याला येत होते, आणि पोशाचा चेहरा तर कोणालाही वाचता आला असता. तो पुढे आला. छातीवर हात ठेवून म्हणाला, "मी बा. इलालचा बा. इलाल देतो."

"तुजा पोर समुद्रापार," भगत म्हणाला. "इथून कसा देशील?"

"नाव इथे," आबा म्हणाला, आणि छातीवर पुन्हा हात मारला.

मग त्याने डोक्याचं पागोटं सोडलं. चिकणमातीचा एक लांबट गोळा त्यात बांधला, तान्ह्या मुलाला दुपट्यात बांधतात तसा. कडेवर घेऊन तो खांडीत उतरला. आपल्या भाषेत काहीतरी पुटपुटला, एकदाच मोठ्याने "हिलाल!" म्हणाला आणि ते गाठोडं त्याने खांडीच्या तळाशी ठेवलं.

तोपर्यंत गावची रीत अशी होती, की ज्याने त्याने आपल्या शेतापुढचाच बांध सांभाळायचा. पोशाच्या खांडीला पोशाने आणि त्याच्या भावकीने मरायचं, बाकीच्यांनी आपापल्या तुकड्यावर उभं राहून बघायचं. त्या दिवशी पोशा ओरडला, "परक्यानं पोर दिला रे! आन् आपून बघत ऱ्हावाचं?" म्हणे, असा एक माणूस राहिला नाही की ज्याने टोपली उचलली नाही. बायका आल्या. आंबी आली, आवडीला पाठीशी बांधून. तिवराच्या फांद्या, पेंढा, चिखल, पुन्हा फांद्या. खांडीच्या जागी खोल डोह पडला होता, म्हणून त्याला वळसा घालून बांध खाडीकडे फुगवला. भरती चढली, काठाच्या वीतभर खाली येऊन थांबली, आणि परत फिरली.

आमचे हे म्हणतात, एवढे हात लागले तर कुठलाही बांध टिकेल, त्यात चमत्कार कसला? असेलही तसं. पण एवढे हात आले कशामुळे, ते यांनी सांगावं.

बांध राहिला. आता गावाला दुसरंच ओझं झालं. समुद्रापलीकडे कुठेतरी इलाल नावाचा मुलगा त्या दिवशी धाडकन पडला असणार, आणि तो आपल्यासाठी. आंबी दुसऱ्या दिवशी आबासमोर जाऊन बसली. "इलाल केवढा होता रे? चालत होता का?"

आबाला तेव्हा आमच्या भाषेतले पाच-पन्नास शब्द येत होते. तो म्हणाला, "इलाल नाही."

आंबीने डोळ्याला पदर लावला. "व्हय रे बाबा. आता नाय."

"नाही, नाही," तो म्हणाला. "इलाल नाही!"

जितकं तो जास्त सांगे, तितकी ती जास्त रडे. गावाने बारा दिवस मासळी शिजवली नाही. तेराव्या दिवशी घरोघरून त्याच्यासाठी ताटं आली. लोक येत, त्याच्या पाठीवरून हात फिरवत, उसासा टाकून जात. त्याला काही उमगत नव्हतं. हा इथला एखादा सण असेल असं त्याला वाटलं, आणि तो प्रत्येकाला हसून नमस्कार करत राहिला. "बघा, पोर गेला तरी कसा हसतो," म्हणून बायका आणखी रडल्या.

त्या दुःखापोटी गावाने एक गोष्ट केली. इलालचा बा किंवा आबा इलाल असं त्याला पुन्हा कोणी म्हटलं नाही. जखमेला कशाला हात लावायचा? नुसतं "अहो" म्हणत. आवडी तेवढी "आबू" म्हणायची.

वर्ष गेलं. त्या वर्षी भात असा आला की कणगे पुरले नाहीत. आबा चिखलात काम करू लागला, लंगोटी नेसू लागला, खाडीतल्या निवट्या माशांचं कालवण मागून खाऊ लागला. आणि आवडीने त्याला भाषा शिकवली. आहे, नाही, होता, नव्हता.

फिरून आश्विन आला. कापणीच्या तोंडावर आंबी विळे काढून बसली होती. म्हणाली, "येत्या अमावास्येला इलालला जाऊन वर्ष होईल."

आबाने विळा खाली ठेवला. "बाय, इलाल गेला नाही. इलाल नव्हता."

"नव्हता म्हंजे?"

"नव्हताच. मला बायको नाही, पोर नाही. आमच्याकडे माणसाला मान द्यायचा तर त्याला पोराच्या नावाने हाक मारतात. नुसत्या नावाने मोठ्या माणसाला हाक मारणं बरं दिसत नाही. पोर नसेल तरी मारतात. होईल म्हणून मारतात. मी एवढासा होतो तेव्हाच आईने मला अबू हिलाल म्हटलं. हिलाल म्हणजे चंद्राची पहिली कोर. म्हणायची, तुला मुलगा झाला की हेच नाव ठेव. मी समुद्रावर राहिलो. तो झालाच नाही."

"मग समुद्राकडं बोट केलंस ते?"

"तू घर विचारलंस ना?"

आंबी आधी हसली. कोणाचंही पोर मेलं नव्हतं. वर्षभराचा दगड उरावरून उतरला. आणि हसता हसताच तिचा चेहरा पांढरा पडला. पोर नव्हताच, तर मग बांधाला दिलं काय?

तिने हे कोणाला सांगितलं नव्हतं. पण कुडाला कान असतात, आणि कुडाच्या पलीकडे शेजारीण असते. एवढं वाक्य सासूबाई नेहमी माझ्याकडे बघून म्हणायच्या. दुपारपर्यंत गावभर झालं.

गोमा भगताने सगळ्यांना बांधावर बोलावलं. अमावास्या तीन दिवसांवर होती. पाणी आत्ताच रोजच्यापेक्षा हातभर वर चढत होतं, म्हणून पुरुष खांडीच्या जागी चिखल भरत होते. भगत म्हणाला, "आपून बांधाला फसवलं. जो नव्हताच तो दिला. आता मूळचं मागणं उभं ऱ्हायलं."

पोशा ओरडला, "वरीसभर ऱ्हायला ना बांध?"

"वाट बघत ऱ्हायला."

फसवलं म्हणावं, तर त्या माणसाने कधी खोटं सांगितलं नव्हतं. दिलं म्हणावं, तर दिलं काय? आंबीने आवडीला दोन्ही हातांनी धरून ठेवलं होतं. तेव्हा आबा बोलला. तो फार बोलणारा नव्हता. हे त्याचं बोलणं मात्र गावाने जपून ठेवलंय.

तो म्हणाला, "पोशा, तुझी आवडी आठ वर्षांची. माझा हिलाल चाळीस वर्षांचा. कोणी हाक मारली की तो थोडासा व्हायचा. रोज व्हायचा. मी ओ दिली की मी बाप. त्या दिवसापासून मी त्या नावाला ओ द्यायची नाही असं ठरवलं. तुम्हीच हाक मारली नाहीत, म्हणून तुम्हाला दिसलं नाही."

गोमा भगताने डोकं खाजवलं. "हे खरं का खोटं, कसं कळाचं?" तो म्हणाला. असे सांगतात, की त्याला खरंच कळत नव्हतं, आणि त्याला खरंच कळून घ्यायचं होतं.

तेवढ्यात खाडीच्या वळणावर एक होडी दिसली.

बाहेर, खाडीच्या तोंडाशी, दुसरं एक अरबी गलबत नांगरलेलं होतं. एक माणूस वाचून इकडे कुठेतरी राहिलाय, असं त्या लोकांना बंदरावर कोळ्यांकडून कळलं असावं. भरतीच्या पाण्यावर ते आत आले होते. होडीत चौघे होते. पुढे उभा होता तो उतारवयाचा, कपाळावर हात धरून बांधाकडे बघत होता. बांधावर चाळीस माणसं चिखलाने माखलेली, सगळी एका रंगाची. त्यांतून कोण कसा ओळखणार? त्याने तोंडाशी हात धरले आणि हाक मारली, "या अबू हिलाल!"

भगताने आबाचं मनगट धरलं. "हाक आली," तो हलक्या आवाजात म्हणाला. "ओ दिलीस, नायतर पाऊल उचललंस, तर इलाल तुजा तुज्यापाशी. मंग बांधाला आवडी. नाय दिलीस, तर दिलंस."

आबा गुडघाभर चिखलात उभा होता. तो आवाज त्याच्या ओळखीचा होता. ते त्याच्या मानेवरून सगळ्यांना दिसलं.

दुसरी हाक आली. आता होडी जवळ आली होती, म्हाताऱ्याची दाढी दिसत होती.

आणि तेव्हा पोशा त्याच्या कानाशी गेला. म्हणे, पोशाचे ओठ पांढरे पडले होते. तो म्हणाला, "जा. तुजी मानसं हायत. माजं मी बघतो."

आबाने नाही अशी मान हलवली. फक्त मान.

तिसरी हाक आली. ती हाक नव्हतीच, असं सासूबाई म्हणायच्या. विचारणं होतं ते. आहेस का रे, असं. बांधावर कोणी हललं नाही. चाळीस माणसांनी माना खाली घातल्या होत्या. पाणी ओसरायला लागलं होतं आणि होडीला रुतायच्या आत परत फिरायला हवं होतं. म्हाताऱ्याने हातानेच खूण केली, नाही? गोमा भगताने मोठ्याने उत्तर दिलं, "नाय." म्हाताऱ्याने दोन्ही हातांनी तोंड झाकलं, तसाच खाली बसला, आणि होडी फिरली.

ती वळणापलीकडे जाईपर्यंत आबा उभा राहिला. मग चिखलातच बसला.

आवडी आईच्या हातून सुटली आणि त्याच्याजवळ गेली. रोजच्यासारखं "आबू" म्हणायला तिने तोंड उघडलं, आणि थांबली. तो तर दिलेल्या नावाचाच अर्धा तुकडा. तिने विचारलं, "तुला आता काय म्हनायचं?"

त्याचं स्वतःचं, आई-बापाने ठेवलेलं नाव काय होतं, ते आमच्या गावात तेव्हाही कोणाला ठाऊक नव्हतं आणि आताही नाही. अबू हिलाल ऐकल्यावर पुढे कोणी विचारलंच नव्हतं.

तेव्हा पोशा बांधाच्या माथ्यावर चढला आणि साऱ्या खाडीला ऐकू जाईल अशा आवाजात ओरडला, "आवडीचा बा!"

सगळे त्याच्याकडेच बघू लागले. आवडीचा बा तर तोच. याला काय झालं, स्वतःलाच हाक मारतो?

"मना नाय," पोशाने बोट केलं. "त्याला!" आणि पुन्हा हाक मारली, "ओ आवडीचा बा!"

आबाने आधी पोशाकडे पाहिलं, मग आवडीकडे. मग म्हणाला, "ओ."

गोमा भगताने अंगावरचं उपरणं काढून ठेवलं, टोपली उचलली आणि चिखल भरायला खांडीच्या जागी उतरला. त्याआधी त्याने जन्मात टोपली उचलली नव्हती. तीन दिवसांनी उधाण आलं, चढलं आणि गेलं. बांध आहे तिथेच आहे.

त्यानंतर कोंडखारात काही दिवस मोठी गंमत झाली. आंबीने "आवडीचा बा, जेवायला या" म्हटलं, की दोन माणसं पाटावर येऊन बसत. कोणी तक्रार घेऊन आलं, की दोघेही दुसऱ्याकडे बोट करत. शेवटी गावाने ठरवलं, पोशा जन्माचा बा आणि हा नावाचा बा. हाक मात्र दोघांना एकच. आवडीच्या लग्नात दोघांनीही कन्यादानाला हात लावला, आणि नवऱ्याकडचे बिचारे आळीपाळीने दोघांच्याही पाया पडत राहिले. पुढे फार म्हातारा होऊन तो गेला, तेव्हा त्याला त्याच्या धर्माप्रमाणे खाडीपलीकडच्या कबरस्तानात नेलं. खांदा द्यायला आवडीचे मुलगे होते. बांधावरचा चौथरा पोशाने बांधला. पागोट्यातलं ते मातीचं मूल जिथे ठेवलं, त्याच्या बरोबर समोर, फुगवट्यावर.

आता तुम्ही मला विचाराल, मावशी, नसलेलं देता येतं का? मी कितीदा भाकरी भाजता भाजता याचा विचार केलाय. कधी वाटतं, भगताचं बरोबर होतं, हातात नव्हतं ते कसलं दान? कधी वाटतं, पोशाने आवडी दिली असती तर एकदाच दिली असती. या माणसाने जन्मभर रोज दिलं. मग माझी भाकरी करपते. सासूबाईंना विचारलं तर त्या म्हणायच्या, "मला कळलं असतं तर तुला सांगितलं नसतं का?"

पण रीत पडली ती पडली. ज्याला मूल नाही असा पुरुष आमच्या गावात चाळिशीपुढे बिननावाचा राहत नाही. कोणाकडेही बारसं असलं, की जन्माचा बा आधी त्याच्या दारी जातो आणि विचारतो, "माझ्या पोराचा बा होशील?" नाही म्हणायची सोय नाही.

आजही बारशाच्या सकाळी बाळाला घेऊन सगळे त्या चौथऱ्यापाशी येतात. गावातला सर्वांत जुना माणूस खाडीकडे तोंड करून हाक मारतो, "इलालचा बा!" कोणी ओ देत नाही. पुन्हा मारतो. आयांनी लहान मुलांच्या तोंडावर हात ठेवलेले असतात. तिसऱ्यांदा मारतो, आणि मग पाणी बांधाला लागतं तेवढाच आवाज येतो. मी इतकी बारशी पाहिली, तरी त्या वेळी मनात येतंच, एखादे दिवशी कोणी ओ दिली तर? मग तो जुना माणूस गावाकडे तोंड फिरवतो आणि बाळाच्या नावाने चौथी हाक मारतो.

गेल्या कार्तिकात आमच्या शेजारच्या तुकारामचा नंबर लागला. वय चाळीस. पोर नाही म्हणून बायकोला घेऊन सगळे डॉक्टर करून आलेला, आणि आता कुठल्या बारशालाही न जाणारा. ओढूनच आणला होता त्याला. तिसऱ्या हाकेपर्यंत खाली मान घालून उभा होता. चौथी हाक आली, "रेवाचा बा!" आणि त्याने अशी काही ओ दिली, की बाळ दचकून भोकाड पसरून रडायला लागलं, आणि दोघेही बा एकदमच तिला घ्यायला धावले.